देऊळ घरचे की गावाचे? : वाचकांचे प्रश्न, वकिलांची उत्तरे

या वेळी सदराकडे आलेल्या पत्रांपैकी पाच पत्रे एकाच वादाच्या वेगवेगळ्या बाजूंनी लिहिलेली आहेत, म्हणून ती एकत्र घेतली आहेत. पत्रलेखकांची नावे, गावे आणि ओळख पटेल असा तपशील वगळला आहे. ही उत्तरे महाराष्ट्राच्या कायद्याला धरून आहेत. आपल्या प्रकरणाचे कागद प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय कोणत्याही वकिलाने शेवटचा शब्द देऊ नये, तसा तो येथेही दिलेला नाही.

प्रश्न : आमच्या पणजोबांनी वाड्याच्या पुढच्या चौकात रामाचे देऊळ बांधले. पूजाअर्चा चार पिढ्या आमच्याच घराण्याकडे आहे. रामनवमीला सारे गाव दर्शनाला येते. आता गावातील काही मंडळी म्हणतात, हे देऊळ सार्वजनिक आहे, त्याची नोंदणी करा. उलट आमचे धाकटे काका म्हणतात, देऊळ खाजगी आहे, तेव्हा वाड्याबरोबर तेही विकून टाकू. खरे कोणाचे?

आपल्या पत्रात दोन प्रश्न आहेत आणि ते एकमेकांत मिसळल्यामुळेच घरात आणि गावात अशी दोन्हीकडे भांडणे लागली आहेत. आधी गावाचा प्रश्न घेऊ.

महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था (ट्रस्ट) अधिनियम, म्हणजे पूर्वीचा मुंबईचा १९५० चा कायदा, कलम २(१७) मध्ये ‘मंदिर’ या शब्दाची व्याख्या करतो. सार्वजनिक उपासनेचे स्थान म्हणून वापरली जाणारी आणि हिंदू समाजाला किंवा त्याच्या एखाद्या विभागाला समर्पित असलेली, किंवा त्या समाजाकडून हक्काने वापरली जाणारी जागा ती मंदिर. या व्याख्येतील ‘हक्काने’ हा शब्द सर्वात महत्त्वाचा आहे. गाव दर्शनाला येते, एवढ्याने काही सिद्ध होत नाही. ते हक्काने येते की आपल्या घराण्याच्या अनुमतीने येते, हे पाहावे लागते.

हा फरक कागदावर सूक्ष्म वाटतो, पण साक्षीत तो लख्ख दिसतो. पूर्वी एका चौकशीत मी हजर होतो. गावातील एका वृद्ध साक्षीदाराला विचारण्यात आले, “दुपारी देवळाचे दार बंद असले तर आपण काय करता?” ते सहज म्हणाले, “मालकांना हाक मारतो. ते जेवत असले तर ओट्यावर बसतो.” त्या दोन वाक्यांनी प्रकरणाची दिशा ठरली. दुसऱ्या एका चौकशीत त्याच प्रश्नाला उत्तर आले, “किल्ली गुरवाकडे असते आणि गुरव गावाने नेमलेला आहे.” देवळे दोन्ही ठिकाणी सारखीच दिसत होती, उत्सवही सारखेच होते. पहिल्या ठिकाणी लोक एका घराच्या उंबऱ्यावर उभे होते आणि दुसऱ्या ठिकाणी स्वतःच्या देवाच्या दारात.

याबाबतचा मूळ निवाडा सर्वोच्च न्यायालयाचा आहे, १९५६ चा, देवकीनंदन विरुद्ध मुरलीधर. उत्तर प्रदेशातील सीतापूर जिल्ह्यातल्या एका ठाकुरद्वाऱ्याचा, म्हणजे देवळाचा, तो वाद होता. न्यायालयाने म्हटले की खाजगी देवस्थानाचे लाभार्थी ठरावीक, ओळखता येण्याजोग्या व्यक्ती असतात आणि सार्वजनिक देवस्थानाचे लाभार्थी म्हणजे सर्वसाधारण जनता किंवा तिचा एखादा विभाग. शिवाय देवस्थानाचे खरे लाभार्थी मूर्ती नसून उपासक असतात, हेही न्यायालयाने त्याच निवाड्यात स्पष्ट केले. ते ठाकुरद्वारा सार्वजनिक ठरले, कारण मूर्तीची स्थापना राहत्या घरात न होता मोकळ्या जागेवर त्यासाठीच बांधलेल्या स्वतंत्र इमारतीत झाली होती, मूर्ती पीठावर कायमच्या बसवलेल्या होत्या आणि पूजेसाठी वेळोवेळी पुजारी नेमला जात होता. उत्सर्गाचा, म्हणजे मालकी सोडून देण्याचा, विधी झाला नव्हता म्हणून समर्पण झालेच नाही, हा युक्तिवाद न्यायालयाने मानला नाही, कारण देवळाच्या बाबतीत प्रतिष्ठा हाच समर्पणाचा विधी. आपल्या घरी प्रतिष्ठेच्या वेळची निमंत्रणपत्रिका, खर्चाची टिपणे किंवा संकल्पाचा मजकूर कोठे जपून ठेवलेला असेल तर तो आधी शोधावा. पणजोबांच्या मनात काय होते हे सांगायला आज कोणी हयात नाही, तेव्हा ते कागदच बोलतील.

आपले देऊळ वाड्याच्या आत आहे, ही गोष्ट आपल्या बाजूची आहे, पण निर्णायक नाही. राजस्थानातील नाथद्वाऱ्याचे श्रीनाथजींचे मंदिर हवेलीच्या रूपातच आहे, तरीही १९६३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते सार्वजनिक ठरवले. गुजरातेतील नडियादच्या वैष्णव हवेलीचेही १९६९ मध्ये तसेच झाले. त्या दुसऱ्या निवाड्यात न्यायालयाने जे प्रश्न विचारात घेतले ते आजही प्रत्येक चौकशीत विचारले जातात : बांधणीवरून ती वास्तू सकृद्दर्शनी सार्वजनिक मंदिर वाटते का, लोकांना तेथे हक्काने उपासना करता येते का, खर्च लोकांच्या देणगीतून भागतो का, तेथील सेवा आणि उत्सव सार्वजनिक देवळांतल्यासारखे होतात का, आणि व्यवस्था पाहणारे व भाविक दोघेही त्या देवळाला आजवर काय समजून वागले.

यातला शेवटचा प्रश्न मला सर्वात वजनदार वाटतो. आपल्या हिशेबाच्या वह्या उघडून पाहाव्यात. तेलवातीचा, रंगसफेदीचा, उत्सवातल्या प्रसादाचा खर्च घरखर्चाच्या पानावर आहे की ‘श्रींचे खाते’ असे वेगळे पान आहे? वेगळे पान असेल तर त्यात जमेच्या बाजूला कोणाची नावे आहेत? विजेचे देयक कोणाच्या नावावर येते? सभामंडपातील घंटा, समई, फरशी यांवर कोणाची नावे कोरलेली आहेत? ‘समस्त गावकरी मंडळींकडून अर्पण’ असा मजकूर असलेली एक पितळी घंटा दहा साक्षीदारांना भारी पडते, हे मी पाहिले आहे.

गावकऱ्यांना अडवले नाही म्हणून देऊळ हातचे जाईल, अशी भीती वाटत असेल तर ती मात्र मनातून काढून टाकावी. १९३९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळातील सर्वोच्च अपील न्यायालयाने, भैरोजीच्या एका देवळाच्या वादात सांगितले की दर्शनाला आलेल्याला दारातून परत पाठवणे हिंदू भावनेला आणि आचाराला धरून नाही, म्हणून केवळ लोक येऊ दिले एवढ्यावरून समर्पणाचे अनुमान काढता येणार नाही. ते देऊळ खाजगी ठरले. १९८१ मध्ये ओडिशातील राधाकांत देव प्रकरणातही देवस्थान खाजगीच ठरले. तेथे दस्तऐवजावरून ताबा व व्यवस्था संस्थापकाच्या कुटुंबाकडेच असल्याचे दिसत होते आणि लोकांकडून देणगी घेण्याची तरतूदच नव्हती. चार पिढ्यांनी दाखवलेले अगत्य त्यांच्या वंशजांवर उलटवणे अन्यायाचे होईल आणि न्यायालयांनी ते होऊ दिलेले नाही. तेव्हा या वादापायी रामनवमीला दार लावून घेऊ नये.

आता काकांचा प्रश्न. ‘खाजगी’ या शब्दाचा त्यांनी लावलेला अर्थ चुकीचा आहे. देवस्थान खाजगी ठरले म्हणजे त्याचे लाभार्थी कुटुंबापुरते मर्यादित आहेत, एवढेच. मूर्तीची प्रतिष्ठा होऊन जागा देवाला अर्पण झालेली असेल तर ती देवाच्या मालकीची होते आणि कुटुंब तिचे वहिवाटदार, म्हणजे व्यवस्था पाहणारे, असते. वहिवाटदाराला देवाची मिळकत स्वतःची म्हणून वाटून घेता येत नाही आणि देवस्थानाची खरी निकड किंवा हित असल्याशिवाय विकताही येत नाही. वाड्याची वाटणी होईल, पण देऊळ त्या वाटणीत सरळ धरता येणार नाही. वाटणीपत्रात पूजेच्या पाळ्या लावून घेता येतात आणि मराठी घराण्यांत ती रीत जुनी आहे. हे उत्तर काकांना वाचून दाखवावे. देवासाठी बांधलेले विकायचे नाही, ही भूमिका कायद्यालाही मान्य आहे.

प्रश्न : आमच्या घरच्या देवळात दानपेटी ठेवली आहे. एवढ्याने ते सार्वजनिक होते का?

एकट्या दानपेटीने नाही. पण पेटी ठेवली, पावतीपुस्तक छापले, जीर्णोद्धारासाठी वर्गणीचे आवाहन केले आणि ते पैसे देवळासाठी वापरले, अशी साखळी तयार झाली की ‘हे आमचे घरचे आहे’ म्हणणे दरवर्षी अवघड होत जाते. घरचेच ठेवायचे असेल तर लोकांकडून पैसे घेऊ नयेत. घेतले असतील तर त्यांचा हिशेब उघड ठेवावा. दोन्हीकडचे फायदे एकत्र मिळत नाहीत.

प्रश्न : आमच्या गावचे देऊळ वर्गणीतून बांधले गेले. जागा एका घराण्याने दिली होती. त्या घराण्यातील आताची पिढी देवळाला कुलूप लावते आणि ‘आमच्या मालकीचे आहे’ म्हणते. आम्ही दिवाणी दावा लावावा का?

नाही, निदान पहिले पाऊल ते नव्हे. एखादी विश्वस्तव्यवस्था अस्तित्वात आहे का, ती सार्वजनिक आहे का आणि अमुक मिळकत तिची आहे का, हे प्रश्न वर सांगितलेल्या १९५० च्या कायद्याच्या कलम ७९ प्रमाणे धर्मादाय आयुक्तांच्या यंत्रणेने ठरवायचे आहेत आणि कलम ८० ने ते दिवाणी न्यायालयाच्या अधिकारातून काढून घेतले आहेत. हा मुद्दा न समजल्यामुळे अनेक गावांनी दिवाणी न्यायालयात दहा-दहा वर्षे घालवली आणि शेवटी ‘येथे हा प्रश्न चालत नाही’ असा निकाल घेऊन ती घरी आली. तरुणपणी दाव्यावर सही करणारी माणसे निकालाच्या दिवशी काठी टेकत येताना पाहिली की फार वाईट वाटते.

योग्य मार्ग असा. नोंदणीसाठी अर्ज करणे हे कलम १८ प्रमाणे विश्वस्ताचे कर्तव्य आहे. त्याने ते केले नाही तरी कलम १९ खालील चौकशी हितसंबंधित व्यक्तीच्या अर्जावरून, किंवा धर्मादाय कार्यालयाकडून स्वतःहूनही सुरू होऊ शकते. देवळात नित्य दर्शनाला जाणारा भाविक कायद्याच्या दृष्टीने हितसंबंधित व्यक्ती आहे. अर्ज आपल्या जिल्ह्याच्या उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्तांकडे करावा. ते दोन्ही बाजूंचा पुरावा घेऊन कलम २० खाली निष्कर्ष लिहितात. तो मान्य नसेल तर कलम ७० खाली साठ दिवसांत धर्मादाय आयुक्तांकडे अपील करता येते आणि पुढे कलम ७२ खाली न्यायालयात जाता येते.

त्याआधी मात्र एक साधे काम करावे. धर्मादाय कार्यालयात जाऊन या देवळाची नोंद आधीच झालेली आहे का ते पाहावे. १९५० च्या कायद्यानंतरच्या दशकात हजारो देवळांच्या नोंदी झाल्या आणि पुढच्या पिढ्या त्या विसरून गेल्या. नोंदवहीचा उतारा, ज्याला सगळे ‘शेड्युल एकचा उतारा’ म्हणतात, तो मिळाला आणि त्यात देवळाची इमारत दाखवलेली असली तर मालकीचा वाद पुष्कळसा तेथेच मिटतो. मग प्रश्न उरतो तो विश्वस्तांच्या वागण्याचा, आणि त्यासाठी कलम ४१अ खाली निर्देश मागता येतात, तसेच गंभीर कसुरीत कलम ४१ड खाली विश्वस्ताला दूर करण्याची मागणी करता येते.

नोंद नसली तर पुरावा जमवावा. वर्गणीच्या पावत्या, बांधकामाच्या वेळचे गावसभेचे ठराव, गवंड्याला दिलेल्या पैशांच्या नोंदी, उत्सवाच्या छापील पत्रिका हे सर्व शोधावे. पत्रिकेखाली निमंत्रक म्हणून कोणाचे नाव छापत होते, ते नीट पाहावे. नाशिकच्या बालाजी संस्थानाच्या वादात १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मंदिराचा विस्तार, त्याच्या बांधणीची रीत, लोकांचा हक्काने चालत आलेला दीर्घ वापर आणि राज्यकर्त्यांनी दिलेल्या जमिनी व रोख नेमणुका हे सारे एकत्र पाहून संस्थान सार्वजनिक ठरवले. तेथेही एका घराण्याचा खाजगी मालकीचा दावा होता आणि त्या घराण्याची सेवा पिढ्यान्‌पिढ्यांची होती.

एका गोष्टीबद्दल मला आपल्याला आग्रहाने सांगायचे आहे. ज्या घराण्याने जागा दिली त्याला अर्जात ‘बळकावणारे’ म्हणू नये. जागा अर्पण करणारे त्यांचेच पूर्वज होते आणि तेच आपल्या बाजूचे सर्वात मोठे साक्षीदार आहेत. नव्या विश्वस्त मंडळात त्या घराण्याच्या एका प्रतिनिधीला कायम स्थान देण्याची तयारी सुरुवातीलाच लेखी दाखवली, तर निम्मी प्रकरणे चौकशीच्या पहिल्या दोन तारखांतच तडजोडीकडे वळतात, असा माझा अनुभव आहे.

प्रश्न : देऊळ सार्वजनिक म्हणून नोंदले की सरकार ते ताब्यात घेते, असे सगळे सांगतात. हे खरे आहे का?

खरे नाही, आणि या गैरसमजापायी कितीतरी प्रामाणिक वहिवाटदार नोंदणी टाळतात. नोंदणीनंतर व्यवस्था विश्वस्तांकडेच राहते. हिशेब ठेवणे, त्यांचे लेखापरीक्षण करून घेणे, विश्वस्त बदलले तर कलम २२ खाली बदल अहवाल देणे आणि स्थावर मिळकत विकण्यापूर्वी कलम ३६ खाली धर्मादाय आयुक्तांची परवानगी घेणे, ही बंधने येतात. दहा वर्षांपेक्षा अधिक मुदतीने शेतजमीन किंवा तीन वर्षांपेक्षा अधिक मुदतीने इमारत भाडेपट्ट्याने द्यायची असेल तरीही परवानगी लागते. ती सर्व बंधने देवाच्या मिळकतीच्या रक्षणासाठी आहेत.

सरकारने नेमलेली समिती जेथे कारभार पाहते, तेथे त्यासाठी विधिमंडळाला स्वतंत्र कायदा करावा लागला आहे. मुंबईच्या सिद्धिविनायकासाठी १९८० चा, शिर्डीसाठी २००४ चा आणि पंढरपूरसाठी १९७३ चा. पंढरपुरात बडवे, उत्पात आदी सेवाधाऱ्यांचे वंशपरंपरागत हक्क त्या कायद्याने संपले आणि ती लढाई २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात शेवटाला गेली, म्हणून लोकांच्या मनात तेच चित्र बसले आहे. पण ते नोंदणीमुळे झालेले नाही. मंदिर सार्वजनिक असूनही घराण्याचे व्यवस्थापनाचे हक्क टिकू शकतात. तिरुवनंतपुरमच्या पद्मनाभस्वामी मंदिराच्या निवाड्यात २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्रावणकोर राजघराण्याचे असे हक्क मान्य केले आणि तरीही ते मंदिर सार्वजनिकच राहिले. सेवा आणि मालकी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सेवा जाण्याच्या भीतीने लोक मालकीसाठी भांडतात, तेव्हा बहुधा त्यांना खरे तर सेवाच हवी असते.

प्रश्न : आमच्याकडे देवस्थान इनामाची जमीन आहे. सातबाऱ्यावर वडिलांचे नाव आहे. देऊळ खाजगी असल्यामुळे जमीन आमची, असे आम्ही समजतो. विकता येईल का?

सातबारा पुन्हा काढून काळजीपूर्वक वाचावा. ‘देवस्थान इनाम वर्ग ३’ असा शेरा असेल आणि कब्जेदार म्हणून देवाचे नाव असून खाली ‘वहिवाटदार’ म्हणून वडिलांचे नाव असेल, तर वडील मालक नव्हते. शेरा पुसला गेला असेल किंवा देवाचे नाव एखाद्या फेरफाराने निघून गेले असेल, तर तो फेरफार क्रमांक शोधावा. चुकून झालेली दुरुस्ती मालकी देत नाही. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशातील पुजाऱ्यांच्या प्रकरणात सांगितले की मंदिराच्या जमिनीची मालकी देवतेची असते, पुजारी व्यवस्थेपुरता असतो आणि मालकीच्या रकान्यात देवतेचेच नाव असावे. कायदा तेथला वेगळा असला तरी तत्त्व आपल्याकडेही परके नाही.

मूळ सनद, म्हणजे इनाम देतानाचा राज्यकर्त्यांचा लेखी हुकूम, मिळाली तर सर्वात उत्तम. इनाम एखाद्या व्यक्तीला तिच्या योगक्षेमासाठी दिले होते की देवाच्या पूजा-नैवेद्य-दिवाबत्तीसाठी दिले होते, हे सनदेच्या शब्दांतच असते. राज्यकर्त्यांनी देवाच्या नावे दिलेले इनाम हा देऊळ सार्वजनिक असल्याचा एक भक्कम पुरावाही ठरतो, त्यामुळे ‘देऊळ खाजगी’ हे आपले गृहीतच सनदेमुळे डळमळू शकते. पावागडच्या कालिकामातेच्या मंदिराच्या वादात शिंदे सरकारच्या सनदेचा असाच विचार झाला आणि ते मंदिर सार्वजनिक ठरले.

आणखी एक शोध घ्यावा. १ एप्रिल १९५७ या कृषक दिनी कसणाऱ्या कुळांना जमिनीची मालकी मिळण्याची वेळ आली. सार्वजनिक उपासनेच्या संस्थांच्या जमिनींना मात्र कूळ कायद्याच्या कलम ८८-ब खाली सूट मिळत होती. त्यासाठी संस्था सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था म्हणून नोंदलेली असणे आणि जमिनीचे सारे उत्पन्न त्याच कामी खर्च होणे आवश्यक होते. जमीन वाचावी म्हणून त्या काळात अनेक वहिवाटदारांनी आपण होऊन देवळाची नोंदणी केली आणि ‘हे देवस्थान सार्वजनिक आहे’ असे लेखी दिले. आपल्या आजोबांनी तसा अर्ज दिला होता का, ते धर्मादाय कार्यालयात आणि प्रांत कार्यालयाच्या जुन्या दप्तरात पाहावे. दिला असेल, तर त्याच सहीच्या आधारे साठ-सत्तर वर्षे जमीन घराण्याच्या वहिवाटीत राहिली आहे आणि आता ते देवस्थान खाजगी होते असे म्हणण्यास कोणतेही कार्यालय सहजी मान्यता देणार नाही. कुळाच्या हातून सुटलेली ती जमीन देवाच्या नावाने सुटली होती. हा शोध पुरा होईतोवर विसार घेऊ नये, साठेखत करू नये आणि घेतला असेल तर परत करावा.